रेणू सापडल्यानंतर

मनसुख छगनलाल वाणी हे नाव महाराष्ट्रात किती जणांना ठाऊक असेल, याची मला शंका आहे. त्यांचा जन्म 1925 मध्ये नंदुरबारला झाला. मुंबई विद्यापीठात रसायनशास्त्र शिकून ते अमेरिकेत गेले, इंडियाना विद्यापीठातून 1962 मध्ये त्यांनी पीएच.डी. मिळवली आणि नॉर्थ कॅरोलिनातल्या रिसर्च ट्रँगल इन्स्टिट्यूटमध्ये मन्रो वॉल यांच्याबरोबर ते काम करू लागले. या दोघांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1966 मध्ये कॅम्प्टोथेसिन आणि 1971 मध्ये टॅक्सॉल या दोन रेणूंची रचना जगापुढे मांडली. आज कोणत्याही शहरातल्या कर्करोग रुग्णालयात या दोन रेणूंपासून चालत आलेली औषधे रोज टोचली जातात. टॅक्सॉल मिळाले अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या यू वृक्षाच्या सालीतून. कॅम्प्टोथेसिन मिळाले चीनमध्ये ‘शी शू’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या झाडातून, आणि तेही कॅलिफोर्नियातल्या एका सरकारी बागेत वाढवलेल्या झाडांतून.

कॅम्प्टोथेसिनची रचना मांडली गेल्यानंतर सहा वर्षांनी मुंबईतून एक शोधनिबंध प्रसिद्ध झाला. गोरेगावच्या सीबा संशोधन केंद्रातले टी. आर. गोविंदाचारी आणि एन. विश्वनाथन यांनी 1972 मध्ये लिहिले की, हाच कॅम्प्टोथेसिन सह्याद्रीतल्या एका झाडात आहे. त्यांच्या लेखात झाडाचे नाव ‘माप्पिया फोएटिडा’ असे आहे. आपल्याकडे त्याला नरक्या म्हणतात, काही भागांत अमृताही म्हणतात. चिनी झाडाच्या मानाने नरक्याच्या लाकडात हा रेणू कितीतरी अधिक होता. वाणींनी ज्याची रचना परक्या देशात, परक्या झाडातून उलगडली, तो रेणू त्यांच्याच राज्यातल्या डोंगरांवर, पावसाळी धुक्यात, कोणाच्या खिजगणतीत नसताना तयार होत होता.

सह्याद्रीच्या सदाहरित आणि निमसदाहरित रानांतून औषधी वनस्पती शोधणाऱ्यांच्या कामाविषयीचे हे पुस्तक आहे, आणि त्याची प्रस्तावना नरक्यापासून सुरू करण्याचे कारण हे की या शोधाचे सगळे प्रश्न त्या एका झाडाभोवती गोळा झालेले आहेत. अशा पुस्तकांत बहुधा शोधाची कथा रेणू सापडला की पूर्ण होते. मला वाटते, तिथे ती अर्धीच झालेली असते.

नरक्या दिसायला साधा आहे. मध्यम उंचीचे झाड, फांद्यांच्या टोकांशी दाटलेली रुंद पाने, पावसाळ्यात येणारे पिवळट फुलांचे घोस. त्या फुलांना दुर्गंधी येते, इतकी की ती आधी नाकाला कळते आणि मग झाड दिसते. महाबळेश्वर, कोयना, चांदोली, राधानगरी, आंबोली, तिथून गोवा आणि खाली कर्नाटक-केरळपर्यंत तो पसरलेला आहे. शास्त्रात त्याची पहिली नोंद मुंबईच्या टपाल खात्यात अधिकारी असलेल्या जॉन ग्रॅहम यांनी केली. नोकरी सांभाळून त्यांनी मुंबई आणि परिसरातल्या वनस्पतींची सूची तयार करत आणली होती. ती छापून पुरी होण्याआधीच 1839 मध्ये खंडाळ्याला त्यांचा मृत्यू झाला. उरलेले काम जोसेफ निम्मो या त्यांच्या मित्राने तडीस नेले, आणि ‘नोथापोडायटिस निम्मोनियाना’ या आजच्या शास्त्रीय नावात तो मित्र राहिला आहे. मधल्या काळात या झाडाचे वंशनाव अनेकदा बदलले. म्हणूनच जुन्या रसायनशास्त्रीय लेखांत ते वेगळ्याच नावाने भेटते आणि नवखा संशोधक गोंधळतो. पुढच्या प्रकरणांत प्रत्येक वनस्पतीची जुनी-नवी नावे आणि गावोगावची नावे एकत्र दिली आहेत, ती याच कारणाने. हे काम कंटाळवाणे असते, पण त्यावाचून एका संशोधकाचे ज्ञान दुसऱ्यापर्यंत पोहोचत नाही.

गोविंदाचारींचा निबंध आला त्याच सुमारास अमेरिकेत कॅम्प्टोथेसिनच्या रुग्णांवरच्या चाचण्या थांबवण्यात आल्या. रेणू पाण्यात विरघळत नव्हता, म्हणून त्याचा सोडियमचा क्षार करून तो रुग्णांना दिला होता. त्या रूपात रेणूचे एक कडे उघडते, आणि औषधाचा गुण नेमका त्या कड्यावर अवलंबून आहे. गुण घटला आणि विषारीपणा मात्र उरला. रुग्णांच्या मूत्राशयातून रक्तस्राव होऊ लागला. औषध बाजूला पडले. नरक्याला त्यामुळे वीसेक वर्षांची सवलत मिळाली, असे मी मानतो. लाकडात काय आहे हे कळले होते, पण ते विकत घेणारा कोणी नव्हता.

1985 मध्ये चित्र पालटले. पेशी दुभंगण्याआधी डीएनएची नक्कल होते, तेव्हा त्याचा पीळ सैल करावा लागतो. टोपोआयसोमरेज-1 नावाचे विकर दोन धाग्यांपैकी एक कापते, पीळ उलगडू देते आणि धागा पुन्हा सांधते. लेरॉय लिऊ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवले की कॅम्प्टोथेसिन नेमका कापणे आणि सांधणे यांच्या मधल्या क्षणी त्या विकराला जखडून ठेवतो. नक्कल करणारी यंत्रणा तिथे येऊन आदळते, धागा कायमचा तुटतो आणि पेशी मरते. भराभर वाढणाऱ्या पेशींना हा फटका सर्वांत जास्त बसतो. दुसऱ्या कोणत्याही ज्ञात औषधाचा मार्ग तेव्हा असा नव्हता. मग विरघळणारी रूपे तयार झाली. इरिनोटेकन जपानमध्ये 1994 मध्ये आणि अमेरिकेत 1996 मध्ये मान्य झाले, टोपोटेकनलाही 1996 मध्येच मान्यता मिळाली. पहिले मुख्यतः मोठ्या आतड्याच्या कर्करोगासाठी, दुसरे बीजांडकोशाच्या. दोन्ही औषधे तयार करायला मूळ कॅम्प्टोथेसिन लागतो, आणि तो स्वस्तात हवा असेल तर झाडातूनच काढावा लागतो.

सह्याद्रीत कुऱ्हाड चालू लागली ती यानंतर. नरक्याची पाने घेऊन भागत नाही. रेणू साठतो तो साल, लाकूड आणि मुळांत. म्हणून झाड बुंध्याशी तोडायचे, जमले तर मुळासकट उपटायचे, तुकडे करून वाळवायचे, पोत्यांत भरायचे आणि रात्री घाट उतरवायचे. सिंधुदुर्ग आणि कोल्हापूरच्या वर्तमानपत्रांत नरक्याचे लाकूड पकडल्याच्या बातम्या वर्षानुवर्षे येत आहेत. तोडणाऱ्याला किलोमागे जे मिळते ते मजुरीपेक्षा थोडे बरे असते. त्या लाकडापासून पुढे काय होते, हे त्याला कोणी सांगितलेले नसते. लाकडाची किंमत वाढते ती घाटाच्या खाली, गोदामात आणि कारखान्यात. या साखळीच्या पहिल्या टोकाला गावातला माणूस पकडला जातो आणि दुसऱ्या टोकाचे नाव बातमीत येत नाही.

नरक्याची आणखी एक अडचण आहे. काही झाडांवर नुसती नर फुले येतात, काहींवर मादी, काहींवर उभयलिंगी. दाट रानात झाडे जवळजवळ असली की हे निभते. पण एखाद्या उतारावरची जाड बुंध्याची झाडे तोडून नेली, तर मागे राहिलेल्या मादी झाडाला जवळपास जोडीदार उरेलच असे नाही. ते हिरवे दिसते, दरवर्षी फुलतेही. वनाधिकाऱ्याच्या मोजणीत ते एक जिवंत झाड म्हणून येते आणि त्याखाली रोप मात्र उगवत नाही. तोडलेल्या झाडांचा आकडा म्हणूनच नुकसानीचा खरा आकडा नसतो.

‘जंगल वाचवा, त्यात उद्याचे औषध दडलेले असेल’ असे आपण नेहमी ऐकतो. हे वाक्य मीही व्याख्यानांतून म्हटलेले आहे आणि ते खोटे नाही. पण ते पुरेसे नाही, आणि नरक्याकडे पाहिल्यावर ते एकटे वापरणे मला धोक्याचे वाटते. त्या झाडात औषध नाही असे समजले जात होते तोवर ते सुरक्षित होते. सर्पगंधेचेही असेच झाले. शतकानुशतके वैद्य आणि वैदू तिची मुळी वापरत होते. मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांनी रक्तदाबावरच्या तिच्या उपयोगाविषयी 1949 मध्ये ‘ब्रिटिश हार्ट जर्नल’मध्ये लिहिले, आणि 1952 मध्ये स्वित्झर्लंडमधल्या सीबाच्या प्रयोगशाळेत तिच्यातून रेसरपिन वेगळे झाले. नरक्याचा अभ्यास झाला ते गोरेगावचे केंद्र त्याच कंपनीचे. जगभर मागणी उसळली, मुळ्या खणल्या गेल्या आणि शेवटी 1990 मध्ये सर्पगंधेला आंतरराष्ट्रीय व्यापार-नियंत्रणाच्या ‘साइट्स’ यादीत घालावे लागले. याउलट मादागास्करची सदाफुली पाहा. रक्ताच्या कर्करोगावरची विनब्लास्टिन आणि विनक्रिस्टिन ही औषधे तिची देणगी. ती कुंडीत, पडीक जागेत, शेताच्या बांधावर कुठेही वाढते, म्हणून औषध सापडूनही ती तगली. बाजारभाव कोणाला वाचवील आणि कोणाला संपवील, हे त्या वनस्पतीच्या वाढीचा वेग ठरवतो. सावलीत सावकाश वाढणाऱ्या रानझाडाला भाव मिळणे हे संकट आहे.

दुसऱ्या एका वर्षावनातली घटना इथे सांगितली पाहिजे, कारण ती सह्याद्रीतल्या कामाला थेट लागू पडते. बोर्निओ बेटावरच्या सारावाकमध्ये 1987 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेसाठी वनस्पतींचे नमुने गोळा केले जात होते. लुंडू गावाजवळच्या दलदली रानातून जॉन बर्ली यांनी एका झाडाची पाने-फांद्या घेतल्या. ते कॅलोफायलम वंशातले होते. कोकणाच्या किनाऱ्यावर जिचे तेल दिव्यात जाळत आणि होड्यांना लावत, ती उंडी याच वंशातली. नमुने गेले, वाळले, त्यांचा अर्क चाचण्यांच्या लांबच लांब रांगेत लागला. काही वर्षांनी कळले की एका अर्काने एचआयव्ही विषाणूला प्रयोगशाळेत रोखून धरले आहे. 1992 मध्ये त्या रेणूची, कॅलॅनोलाइड-ए याची, माहिती प्रसिद्ध झाली. अधिक माल हवा म्हणून वनस्पतिशास्त्रज्ञ त्या जागी परतले, तर झाड तोडलेले होते. त्याच जातीची दुसरी झाडे शोधून आणली, त्यांत तो गुण नव्हता किंवा अगदीच क्षीण होता. शेवटी सिंगापूरच्या वनस्पती उद्यानात अनेक वर्षांपूर्वी लावलेल्या एका झाडाने काम चालू ठेवले, आणि सारावाकमधल्याच जवळच्या दुसऱ्या जातीच्या चिकात त्याचा भाऊबंद शोभेल असा रेणू मिळाला. पुढे प्रयोगशाळेत कॅलॅनोलाइड तयारही करता आला, माणसांवर चाचण्या सुरू झाल्या, पण औषध म्हणून तो बाजारात आला नाही.

या घटनेतून मला सर्वांत महत्त्वाचे वाटते ते झाडाझाडांतले अंतर. आपण ‘जात’ वाचवण्याविषयी बोलतो. यादीत एक नाव असते, त्यापुढे ‘दुर्मीळ’ किंवा ‘संकटग्रस्त’ असा शेरा असतो, आणि कुठल्यातरी अभयारण्यात ती जात शिल्लक आहे एवढ्यावर समाधान मानले जाते. पण रेणू करते ते विशिष्ट मातीतले, विशिष्ट उंचीवरचे, विशिष्ट किडींशी झुंजणारे एकेक झाड. नरक्याच्या बाबतीत बेंगळुरूमधल्या आर. उमा शंकर आणि जी. रविकांत यांच्या गटाने पश्चिम घाटातल्या ठिकठिकाणच्या झाडांतला कॅम्प्टोथेसिन मोजून त्याचे नकाशे तयार केले. एका डोंगरावरच्या झाडांत तो विपुल, तर दुसऱ्या डोंगरावर जेमतेम, असा मोठा फरक त्यांना दिसला. म्हणजे एक घाट रस्त्यासाठी कापला की ‘नरक्या’ यादीत राहतो, पण त्या घाटातला नरक्या जातो. पर्यावरणावरील परिणामांच्या अहवालांत ‘सदर जाती अन्यत्र आढळतात’ असे वाक्य नेहमी असते. त्या वाक्यावर सही करणाऱ्यांनी सारावाकची हकीकत वाचावी, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

झाडाने हा रेणू का करावा, हा प्रश्न मला फार ओढतो. कॅम्प्टोथेसिन जसा माणसाच्या पेशीतले विकर जखडतो, तसाच पाने खाणाऱ्या अळीतलेही. त्यामुळे तो झाडाच्या संरक्षणाचा भाग असावा, असे मानले जाते. पण मग झाड स्वतः कसे वाचते? टोपोआयसोमरेज-1 तर त्याच्याही पेशीत आहे. जपानी संशोधकांनी 2008 मध्ये दाखवले की कॅम्प्टोथेसिन करणाऱ्या चिनी झाडात आणि ओफिओरायझा वंशातल्या वनस्पतींत त्या विकराची घडण जरा बदललेली आहे. रेणू तिथे पकड घेऊच शकत नाही. विष आणि त्यावरचा उतारा ही जोडी एकाच देहात घडत गेली आहे. ओफिओरायझाच्या काही जाती आपल्या सह्याद्रीतही ओढ्यांच्या काठी, गुडघाभर उंचीच्या, सावलीत वाढतात आणि त्यांतही कॅम्प्टोथेसिन आहे. नरक्या, शी शू आणि ओफिओरायझा ही तीन वेगळ्या कुळांतली मंडळी. अमक्या कुळात पाहा म्हणजे अमका रेणू मिळेल, असा सरळ हिशेब रानात लागू पडत नाही. कर्करोग संस्थेने 1960 ते 1982 या काळात जगभरातल्या सुमारे 35,000 वनस्पतींचे अर्क तपासले, ते या कारणाने. त्यातून हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढीच औषधे हाती आली. त्यात वाणींचे दोन रेणू होते.

शोध आता झाडाच्याही आत शिरला आहे. जम्मूच्या प्रयोगशाळेतल्या संशोधकांनी 2005 मध्ये नरक्याच्या अंतर्भागात राहणारी एक बुरशी वेगळी केली. झाडाबाहेर, काचेच्या भांड्यात वाढवल्यावरही ती थोडा कॅम्प्टोथेसिन करत होती. झाड न तोडता कारखान्यातल्या टाकीत औषध तयार होईल, ही आशा त्यातून निर्माण झाली. मात्र अशा बुरश्या पिढ्यानपिढ्या झाडावेगळ्या ठेवल्या की त्यांचे उत्पादन घटत जाते, असा अनेक प्रयोगशाळांचा अनुभव आहे. झाडाशी त्यांचे काय देणेघेणे चालते, ते अजून उलगडायचे आहे. आणि ते उलगडायचे तर जिवंत झाड, त्याच्या रानात उभे असलेले, लागणार आहे.

या पुस्तकातल्या प्रकरणांत क्षेत्रकामाचे वर्णन तपशिलाने येते, तेव्हा मी इथे थोडेच सांगतो. झाड ओळखायचे तर फूल किंवा फळ हवे, आणि सह्याद्रीतल्या अनेक झाडांची फुले ऐन पावसाळ्यात, जळवांच्या दिवसांत येतात. फांदी रद्दीच्या कागदांत दाबायची, कागद रोज बदलायचे, नाहीतर त्या हवेत दोन दिवसांत बुरशी धरते. वहीत ठिकाण, उंची, तारीख, फुलाचा रंग, वास, चिकाचा रंग लिहायचा, कारण वाळल्यावर हे सारे निघून जाते. मगच सालीचा किंवा पानांचा नमुना रसायनशास्त्रज्ञाकडे पाठवायचा आणि दाबलेली फांदी वनस्पतिसंग्रहालयात ठेवायची. ती फांदी नसेल तर रसायनशास्त्रज्ञाचा निष्कर्ष नेमका कोणत्या झाडाविषयी आहे, हे पुढे कोणीच सांगू शकत नाही. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातले ब्लॅटर हर्बेरियम, पुण्यातले भारतीय वनस्पती सर्वेक्षणाचे पश्चिम मंडळ आणि आघारकर संशोधन संस्था इथल्या कपाटांत असे हजारो कागद आहेत. फुलावरून, पानाच्या शिरांवरून झाड ओळखणारी माणसे मात्र महाविद्यालयांतून कमी होत चालली आहेत. रेणूंच्या चाचण्यांसाठी यंत्रे घेता येतात. हे डोळे तयार व्हायला एका माणसाची उमेदीची वर्षे जातात, आणि त्यासाठी नोकरीची जागा निघत नाही, याची मला मनापासून खंत आहे.

रानातला खरा जाणकार कित्येकदा संशोधकाच्या पुढे चालत असतो. गोव्यात 1563 मध्ये छापलेल्या गार्सिया द ओर्ता यांच्या औषधिग्रंथापासून हे दिसते. मलबारच्या वनस्पतींवरचा ‘हॉर्टस मलबारिकस’ हा बारा खंडांचा ग्रंथ 1678 ते 1693 या काळात ॲमस्टरडॅमला छापला गेला. डच गव्हर्नर व्हान रीड यांचे नाव त्यावर मोठे आहे. पण त्यातले ज्ञान इट्टी अच्युदन या मलयाळी वैद्याचे आणि रंगा भट, विनायक पंडित, आप्पू भट या कोकणी पंडितांचे आहे. या तिघांचे 1675 मधले प्रमाणपत्र ग्रंथाच्या पहिल्या खंडात नागरी लिपीतल्या कोकणीत छापलेले आहे. त्यांनी किती परिश्रम घेतले, ते त्यांच्याच शब्दांत त्यात आहे. पुढच्या तीनशे वर्षांतल्या बहुतेक शोधांत एवढाही उल्लेख जाणकारांच्या वाट्याला आला नाही.

डिसेंबर 1987 मध्ये केरळातल्या अगस्त्य पर्वताच्या रानात पी. पुष्पांगदन यांच्या नेतृत्वाखालचा अभ्यासगट चढण चढत होता. संशोधक दमले, वाटाडे असलेले काणी आदिवासी तरुण मात्र ताजेतवाने. ते अधूनमधून एक लहान फळ खात होते. आधी त्यांनी त्याविषयी बोलायचे टाळले, कारण ही माहिती बाहेर सांगायची नाही असा समाजाचा दंडक होता. विश्वास बसल्यावर त्यांनी वनस्पती दाखवली. ती ‘आरोग्यपच्चा’. पालोडच्या उष्णकटिबंधीय वनस्पती उद्यानात तिच्यावर काम होऊन ‘जीवनी’ हे औषध तयार झाले. 1995 मध्ये ते एका आयुर्वेदिक कारखान्याला 10 लाख रुपये आणि विक्रीवर 2 टक्के स्वामित्वधन या बोलीवर दिले गेले, आणि त्यातला निम्मा वाटा काणींना मिळावा असे ठरले. 1997 मध्ये त्यासाठी त्यांचा न्यास स्थापन झाला. जगात अशा वाटपाच्या पहिल्या उदाहरणांत हे मोजले जाते आणि त्याचे श्रेय पुष्पांगदन यांना दिलेच पाहिजे. तरी पुढे अडचणी आल्या. पाने रानातून गोळा करायला वनखात्याची हरकत होती, सगळ्या काणी वस्त्यांना आधी विचारले नव्हते अशी तक्रार झाली, आणि पुरेसा कच्चा माल न मिळाल्याने उत्पादन अडखळले. हक्क कागदावर मिळाला तरी रानात पाऊल टाकण्याची परवानगी दुसऱ्याच कार्यालयात असते.

नरक्याच्या बाबतीत तर वाटा मागायलाही कोणी नव्हते. कर्करोगावरचे औषध म्हणून तो कोणा वैदूने दाखवला नव्हता, तो यंत्रांनी शोधला. पण म्हणून ज्या गावाच्या रानात तो उभा होता, त्या गावाचे त्यावर काहीच नाही का? जैवविविधता कायदा 2002 मध्ये झाला, गावोगाव समित्या नेमून लोकजैवविविधता नोंदवह्या लिहायचे ठरले. पुष्कळ ठिकाणी त्या वह्या ठेकेदाराकडून भरून घेतल्या गेल्या. गावातल्या म्हाताऱ्यांना, धनगरांना, कातकऱ्यांना सोबत घेऊन लिहिलेली नोंदवही आणि कार्यालयात बसून भरलेली नोंदवही यांतला फरक दोन पाने वाचताच कळतो. या पुस्तकातली काही प्रकरणे पहिल्या प्रकारच्या कामातून आली आहेत, म्हणून मला ती मोलाची वाटतात.

आता ज्या रानाविषयी हे सारे आहे, त्याची स्थिती. पश्चिम घाटातली 39 ठिकाणे 2012 मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आली. महाराष्ट्रातली त्यातली चार, कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी. त्याआधीच्या वर्षी माधव गाडगीळ समितीने घाटाचे श्रेणीवार संरक्षण सुचवले होते. त्याला विरोध झाला, कस्तुरीरंगन समिती आली, मसुद्यावर मसुदे निघत राहिले. दरम्यान सिंधुदुर्गातले घनदाट रान मोठ्या प्रमाणावर मालकी रान आहे, हे बाहेरच्या माणसाला ठाऊक नसते. मालकाला त्यातून काही मिळत नाही, रबर किंवा काजू लावला तर मिळते. त्याला कायद्याचा धाक दाखवून हे सुटणार नाही. नरक्याची रोपे त्याच्याच रानात, इतर झाडांच्या सावलीत लावता आली, फांद्यांची ठरावीक छाटणी करून लाकूड रीतसर विकता आले आणि वाहतुकीचा परवाना त्याला हेलपाटे न घालता मिळाला, तर त्याचे गणित बदलू शकते. सदाफुलीला जे आपोआप साधले, ते नरक्यासाठी माणसांना मुद्दाम घडवून आणावे लागेल.

देवरायांचा विषय मी शेवटी घेतो, कारण त्यावर भाबडेपणाने खूप लिहिले गेले आहे. वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी 1970च्या दशकात महाराष्ट्रातल्या देवरायांचा शास्त्रीय अभ्यास सुरू केला, तेव्हा इतरत्र नाहीशा झालेल्या कितीतरी वनस्पती त्यांना तिथे मिळाल्या. दोडामार्ग तालुक्यातल्या बांबर्डे-हेवाळे इथल्या ‘कानळाची राई’त जायफळाच्या कुळातल्या झाडांचे दलदली रान टिकले आहे. ते देवाच्या नावाने राखले गेले म्हणूनच. पण देवराई काही एकरांची असते. जीर्णोद्धारासाठी तीही तोडली जाते, मंदिराला सिमेंटचा मंडप होतो, भोवती फरशी येते. शिवाय परागण करणारे कीटक आणि बिया नेणारे पक्षी काही देवराईच्या हद्दीत थांबत नाहीत. भोवतालचे रान गेले की आतली झाडे म्हातारी होत जातात. देवराई हा बियाण्याचा साठा म्हणून अमूल्य आहे, पण भोवतालच्या रानाची जागा ती घेऊ शकत नाही. देवराईवरच्या प्रकरणात लेखकांनी प्रत्येक राईचे क्षेत्र, मोठ्या झाडांबरोबर रोपांचीही मोजणी, आणि गुरव-मानकऱ्यांनी सांगितलेले नियम नोंदवले आहेत. रोपांचे रकाने आधी वाचावेत, ही माझी वाचकांना सूचना.

पुस्तकात जाणूनबुजून एक गोष्ट गाळली आहे. दुर्मीळ औषधी झाडांची नेमकी ठिकाणे कुठेही छापलेली नाहीत. तालुक्यापलीकडे उल्लेख जात नाही, छायाचित्रांतून ओळखता येतील असे डोंगरमाथे काढून टाकले आहेत, आणि अक्षांश-रेखांश वनस्पतिसंग्रहालयांकडे बंद नोंदींत ठेवले आहेत. कोणा अभ्यासकाला ते हवे असतील तर त्याने संग्रहालयाकडे लेखी मागावे आणि त्या त्या गावच्या जैवविविधता समितीचे संमतिपत्र सोबत जोडावे. गैरसोय होईल. ती सोसावी.